मेनोरा कसा ओळखावा आणि हनुक्काचा दिवा कसा लावावा

उंच बुरुजाला आपण मराठीत ‘मनोरा’ म्हणतो. हा शब्द अरबी ‘मनारा’वरून आला. मनारा म्हणजे उजेडाची जागा, दीपस्तंभ. ‘नूर’ त्याच मुळातून निघाला आणि हिब्रूतला ‘मेनोरा’सुद्धा. मराठी बायबलात मेनोरासाठी ‘दीपवृक्ष’ असा शब्द आहे. मला तो फार आवडतो, कारण मूळ वस्तू खरोखरच झाडासारखी घडवलेली होती.

मी ठाण्यात वाढलेली बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंपैकी. दर डिसेंबरात मैत्रिणींकडून हनुक्काच्या, आमच्या आठ रात्रींच्या दिव्यांच्या सणाच्या, शुभेच्छा येतात. त्यावरच्या चित्रात बहुतेक वेळा सात दिव्यांचा मेनोरा असतो. शुभेच्छा मी मनापासून घेते. पण हनुक्काला तो दिवा लावत नाहीत आणि का लावत नाहीत हे कळलं, की आमच्या समाजाबद्दल बरंच काही कळतं. म्हणून हे सगळं क्रमाने लिहिते आहे. ज्यांना पाहुणे म्हणून जायचं आहे किंवा संग्रहालयात उभं राहून समोरची वस्तू वाचायची आहे, त्यांच्यासाठी आहेच. पण आमच्यातल्या ज्या तरुण मुलांना घरी पहिल्यांदा दिवा मांडायचा आहे, त्यांच्यासाठी जास्त.

पहिली पायरी: दिवे मोजा

मधल्या दांड्याच्या दोन्ही बाजूंना तीन-तीन फांद्या आणि एकूण सात दिवे असतील, तर तो मेनोरा. हा जेरुसलेमच्या मंदिरातला दिवा. एका रांगेत आठ दिवे आणि त्यांच्यापासून वेगळा, थोडा उंच किंवा बाजूला नववा असेल, तर ती हनुक्किया. ही घरातली, हनुक्काच्या आठ रात्रींची. नवव्या दिव्याला ‘शम्माश’ म्हणतात, म्हणजे सेवक. त्याच्याने बाकीचे लावायचे. बोलताना अनेक जण हनुक्कियालाही मेनोराच म्हणतात आणि ते चूक नाही, कारण हिब्रूत मेनोरा म्हणजे साधा दिवाही होतो. पण फरक डोळ्यांना दिसला पाहिजे.

सात दिव्यांचा घरात का नाही? मंदिरात जी भांडी होती त्यांची हुबेहूब नक्कल करू नये, असं तालमूद, हा ज्यूंच्या धर्मचर्चेचा जुना ग्रंथ, सांगतो. पाच, सहा किंवा आठ दिव्यांचा करा, सातांचा करू नका. मंदिर रोमनांनी इ. स. ७० मध्ये जाळलं, ते पुन्हा उभं राहिलं नाही आणि त्याचा दिवा घराघरांत वाटून टाकायचा नाही, ती जागा रिकामी ठेवायची. त्यामुळे भेट म्हणून पितळी वस्तू घेणार असाल तर दुकानातच दिवे मोजून घ्या. सात दिव्यांची शोभेची वस्तू पुष्कळ घरांत दिसते, पण काही घरं ती ठेवत नाहीत. नऊ दिव्यांची सगळ्यांना चालते.

दुसरी पायरी: मेनोरा वाचायला शिका

बायबलातल्या निर्गमाच्या पुस्तकाच्या २५व्या अध्यायात त्याची कृती दिली आहे आणि ती खरोखर कारागिराला सांगितल्यासारखी आहे. शुद्ध सोनं, एक किक्कार, म्हणजे ३० किलोंच्या वर. ओतकाम नाही, जोडकाम नाही. सोन्याचा एकच अखंड गोळा ठोकून त्यातूनच बैठक, दांडा, फांद्या, वाट्या, बोंडं आणि फुलं काढायची. वाट्या बदामाच्या फुलांच्या आकाराच्या. प्रत्येक फांदीवर तीन आणि मधल्या दांड्यावर चार, म्हणजे सहा त्रिक अठरा आणि चार, एकूण बावीस. तालमूदमध्ये बोंडं ११ आणि फुलं ९ मोजली आहेत, उंची अठरा मुठी. आजच्या मापात साधारण दीड मीटर, लहान चणीच्या माणसाएवढी. हे काम इतकं अवघड, की मोशेलासुद्धा ते समजेना, तेव्हा देवाने त्याला अग्नीचा मेनोरा दाखवला, असंही तिथे म्हटलं आहे.

बदामच का? त्या प्रदेशात हिवाळा सरता सरता बाकीची झाडं निजलेली असतात, तेव्हा बदाम फुलतो. हिब्रूत बदामाला ‘शाकेद’ म्हणतात आणि त्याच मुळाचा अर्थ जागं असणं, डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवणं. रात्रभर जागणाऱ्या दिव्याला याहून योग्य फूल नसेल.

तेलाबद्दल वेगळी आज्ञा आहे: जैतुनाचं, निर्मळ, कुटून काढलेलं. ऑलिव्ह हलके कुटल्यावर जे पहिलं तेल गळतं तेवढंच दिव्याला. मग दाबून निघणारं तेल इतर अर्पणांना चालेल, दिव्याला नाही. आपल्याकडे स्वयंपाकाला चांगलं तेल ठेवतात आणि दिव्याला उरलंसुरलं. मंदिरात याच्या उलट होतं. मी हे लहानपणी ऐकलं तेव्हापासून दिव्याचं तेल विकत घेताना हात आखडता घेत नाही.

आता बैठक बघा, कारण जाणकाराची नजर तिथेच जाते. रोममध्ये तीतसची कमान आहे, साधारण इ. स. ८१ची. तिच्या आतल्या बाजूला विजययात्रेचं शिल्प आहे आणि रोमन सैनिक मंदिरातला मेनोरा खांद्यावर घेऊन चालले आहेत. त्या मेनोराची बैठक अष्टकोनी, दोन थरांची, तिच्यावर समुद्री प्राणी कोरलेले. पण जुन्या सभास्थानांच्या फरशीवरच्या मोझेकमध्ये आणि कबरींवर जो मेनोरा दिसतो, तो तीन पायांवर उभा आहे. ज्यांनी आपला दिवा म्हणून तो काढला त्यांनी तीन पाय काढले, म्हणून कमानीवरच्या बैठकीबद्दल अभ्यासकांत वाद आहे. फांद्यांबद्दलही आहे. कमानीवर त्या गोलाईच्या आहेत, पण बाराव्या शतकातले धर्मपंडित रामबाम, म्हणजे मोशे बेन मैमोन, यांनी काढलेल्या आकृतीत त्या सरळ तिरप्या आहेत आणि त्यांच्या मुलाने लिहून ठेवलं आहे, की वडिलांनी त्या मुद्दामच सरळ काढल्या. पुढे कधी सरळ फांद्यांचा मेनोरा दिसला तर तो रामबामच्या परंपरेतला, हे ओळखा.

२०१२ मध्ये त्या कमानीवरच्या शिल्पाची तपासणी झाली, तेव्हा मेनोरावर पिवळ्या गेरूचे कण सापडले. आज पांढुरका दिसणारा तो दगड एके काळी सोनेरी रंगवलेला होता.

तिसरी पायरी: तो कुठे गेला, हे माहीत असू द्या

या भागावर अख्खी पुस्तकं होतील. आपल्याला लागेल तेवढंच सांगते. शलमोनाच्या मंदिरात असे दहा दिवे होते. बाबेलने इ. स. पूर्व ५८६ मध्ये ते मंदिर पाडलं. दुसरं मंदिर उभं राहिलं, तिथला मेनोरा ग्रीक राजा चौथा अँटिओकस याने इ. स. पूर्व १६९ मध्ये लुटून नेला. पुढे त्याच्याविरुद्ध बंड करणाऱ्या यहूदा मक्काबी आणि त्याच्या भावांनी मंदिर परत घेतलं आणि इ. स. पूर्व १६४ मध्ये किस्लेव महिन्याच्या पंचविसाव्या दिवशी ते पुन्हा शुद्ध करून वाहिलं. ‘हनुक्का’ म्हणजे वाहणं, समर्पण. शिक्का शाबूत असलेली तेलाची एकच कुपी सापडली, एका दिवसापुरती, आणि ती आठ दिवस जळली, ही गोष्ट तालमूदमध्ये येते.

पण तालमूदमध्येच दुसरी एक गोष्ट आहे, ती फार कमी जणांना माहीत असते आणि मला ती कुपीच्या गोष्टीइतकीच मोलाची वाटते. मंदिर परत मिळालं तेव्हा सोनं नव्हतं. मग त्यांनी लोखंडी सळयांचा मेनोरा केला आणि त्यावर कथील चढवलं. थोडे पैसे आले तेव्हा चांदीचा केला. आणखी आले तेव्हा सोन्याचा. म्हणजे ज्या दिव्याच्या आठवणीने आम्ही सण करतो, तो कल्हई केलेल्या लोखंडाचा होता. घरात चांदीची हनुक्किया नाही म्हणून संकोचणाऱ्या प्रत्येकाला मी ही गोष्ट सांगते.

मग रोम. मेनोरा तिथल्या शांतिमंदिरात ठेवला गेला. ४५५ मध्ये वंडाल टोळ्यांनी रोम लुटलं आणि मंदिराची भांडी कार्थेजला नेली. तिथून ५३४च्या सुमारास ती कॉन्स्टँटिनोपलला आली, आणि पुढे माग लागत नाही. वस्तू गेली, पण चित्र सगळीकडे उगवत राहिलं. मक्काबी घराण्याचा शेवटचा राजा मत्तथ्या अँटिगोनस याने इ. स. पूर्व ४० ते ३७ या काळात मेनोराची नाणी पाडली. २००९ मध्ये मग्दलाच्या सभास्थानात मेनोरा कोरलेला दगड सापडला, आणि तो मंदिर उभं होतं त्या काळातला आहे. बेत शआरीमच्या गुहांत, रोममधल्या ज्यूंच्या भूमिगत दफनभूमीत, सगळीकडे तोच. सहा टोकांचा दावीदाचा तारा ज्यूंची खूण म्हणून सगळीकडे रुजला तो एकोणिसाव्या शतकात. त्याआधीची दोन हजार वर्षं आमची खूण हा दिवाच होता. इस्रायलने १० फेब्रुवारी १९४९ रोजी राजचिन्ह ठरवलं, तेव्हा तीतसच्या कमानीवरचाच मेनोरा घेतला आणि दोन बाजूंना जैतुनाच्या डहाळ्या. लुटीत नेलेला दिवा त्यांनी दगडावरून परत आणला.

चौथी पायरी: आमचा धागा समजून घ्या

बेने इस्रायलांची आठवण अशी, की आमचे पूर्वज अँटिओकसच्या छळाच्या काळात निघाले, अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याशी गलबत फुटलं आणि सात पुरुष, सात बायका वाचल्या. ग्रंथ बुडाले. शमा ही प्रार्थना, सुंता, शब्बाथ म्हणजे शुक्रवारच्या सूर्यास्तापासूनचा आठवड्याचा विसावा, आणि खवल्यांचा मासा खायचा बिनखवल्यांचा नाही, एवढं उरलं. कोकणात त्यांनी धंदा धरला तो तेलाचा. घाणा चालवायचा आणि शनिवारी बैल जुंपायचा नाही. म्हणून गावाने नाव ठेवलं, शनिवार तेली.

या आठवणीप्रमाणे पूर्वज निघाले तेव्हा हनुक्का व्हायचा होता. त्यामुळे कित्येक शतकं आम्हाला हा सण माहीतच नव्हता. तो नंतर शिकलो, कोचीहून आलेल्या शिक्षकांकडून आणि मुंबईत आलेल्या इतर ज्यूंकडून. लोक मला विचारतात, मग तो तुमचा कसा? मी सांगते, जे शनिवार कोणता हे विसरले नाहीत, तेही तेलाच्या घाण्यापाशी बसून, त्यांच्या हाती तेलाचा सण आला. याहून घरचं काय असेल?

पाचवी पायरी: दिवा मांडा

इथे सावकाश जाऊ या.

अलिबागकडे आजीच्या घरी भिंतीला टांगायची एक लाकडी फळी होती. तिला पितळी कड्या ठोकलेल्या, प्रत्येक कडीत काचेचा छोटा पेला. पेल्यात खाली दोन बोटं पाणी, वर बोटभर तेल, त्यात तरंगती वात. उजेड पाण्यातून खाली सांडायचा आणि भिंतीवर हलायचा. ही पद्धत आमच्या सभास्थानांतल्या टांगत्या दिव्यांचीही आहे आणि ती फार शहाणी आहे. तेल संपलं की वात पाण्याला टेकते आणि दिवा आपोआप विझतो. पेला तापून तडकत नाही. तेलही कमी लागतं.

घरी करायची असेल तर आठ सारखे जाड काचेचे पेले घ्या. सारखे हवेत, कारण आठही ज्योती एका उंचीवर आणि एका सरळ रेषेत असाव्यात असा संकेत आहे. नववा शम्माशसाठी, तो विटेवर किंवा लाकडी ठोकळ्यावर ठेवून उंच करा. शम्माशला मेणबत्ती घेतली तर हातात धरायला सोपी. वातीसाठी कापसाची लांब वात, फुलवात नको, ती लवकर बुडते. बुचाची पातळ चकती कापून मधोमध भोक पाडा आणि वात तिच्यातून अशी ओढा की वर फक्त तांदळाच्या दाण्याएवढं टोक राहील. टोक मोठं ठेवलं तर ज्योत धुरकट होते आणि काच काळी पडते.

मराठी घरातला हमखास प्रश्न: समई चालेल का? नाही, आणि कारण ऐकण्यासारखं आहे. समईत एकाच तबकातल्या तेलात गोलाकार वाती असतात. आमच्या धर्मशास्त्रात नेमकं याच मांडणीबद्दल लिहिलं आहे. एका भांड्यात तेल आणि कडेने वाती पेटवल्या तर ती शेकोटीसारखी होते, एकही दिवा धरला जात नाही. प्रत्येक ज्योत वेगळी उभी दिसली पाहिजे, म्हणजे रस्त्यावरच्या माणसाला आज कितवी रात्र ते मोजता येईल. पणत्या मात्र चालतात, रांगेत अंतर ठेवून. त्यातही एक बारकावा आहे. साधी मातीची पणती एक रात्र जळली की ती जुनी समजतात. दुसऱ्या रात्री शक्यतो नवी घ्यावी, किंवा ती विस्तवात चांगली तापवून घ्यावी. काच आणि धातू पुसून रोज वापरता येतात.

तेल जैतुनाचं उत्तम. बाजारात ‘पोमेस’ नावाने जे स्वस्त ऑलिव्ह तेल मिळतं, तेही जळायला ठीक. खोबरेल किंवा तिळाचं तेलही शास्त्राला मान्य आहे, आजी खोबरेलच घालायची. पण पुण्यात राहत असाल तर डिसेंबरच्या थंडीत खोबरेल थिजतं आणि वात पेटत नाही. मेणबत्त्या चालतात, आठ रात्रींना मिळून ४४ लागतात, ३६ दिव्यांच्या आणि ८ शम्माशच्या. विजेचा दिवा शोभेला लावा, त्यावर आशीर्वाद म्हणायला बहुतेक रब्बी, म्हणजे आमचे धर्मगुरू, मान्यता देत नाहीत.

आदल्या रात्री एक पेला घड्याळ लावून जाळून बघा. किती तेल किती वेळ जळतं हे प्रत्येक वातीगणिक बदलतं आणि दुसऱ्याचा हिशेब उपयोगी पडत नाही. अंधार पडल्यावर निदान अर्धा तास दिवा जळला पाहिजे.

सहावी पायरी: जागा

मूळ नियम दाराबाहेर, रस्त्याच्या बाजूला. उजव्या चौकटीवर मेझुझा, म्हणजे पवित्र वचनांची डबी, असतो, म्हणून दिवा डावीकडे. येणारा माणूस दोघांच्या मधून आत येतो. उंची जमिनीपासून साधारण पाव ते पाऊण मीटर, कमरेच्या खालीच. वरच्या मजल्यावर राहत असाल तर खिडकीत ठेवा. रस्त्यापासून साधारण दहा मीटरच्या आत खिडकी असेल तर खालच्याला दिसतो. त्याहून उंच घरात दारापाशी ठेवावा. सोसायटीच्या बोळात ठेवायचा असेल तर आधी शेजाऱ्यांशी बोलून घ्या. पडदा बांधून वर अडकवा, पंखा बंद करा, खाली स्टीलचं ताट ठेवा. एका वर्षी मी खिडकी थोडी उघडी ठेवली आणि वाऱ्याने पडद्याचं टोक ज्योतीवर आलं. कापड फक्त करपलं. तेव्हापासून ताट आणि बांधलेला पडदा या दोन गोष्टी दिवा लावायच्या आधी.

दिसला पाहिजे हा या सणाचा गाभा आहे. त्याला ‘पिर्सुमे निस्सा’ म्हणतात, चमत्काराची दवंडी. पण तोच नियम पुढे सांगतो, की धोक्याचा काळ असेल तर टेबलावर ठेवा, तेवढं पुरे. १९३१ साली जर्मनीतल्या कील शहरात रब्बी आकिवा पोस्नर यांच्या घरी हनुक्किया खिडकीत होती आणि समोरच्या इमारतीवर नाझींचा झेंडा. त्यांच्या पत्नी रेचल यांनी तिचा फोटो काढला आणि मागे लिहिलं, की झेंडा म्हणतो यहूदा मरो, दिवा उत्तर देतो यहूदा सदैव जगेल. ते कुटुंब वेळीच बाहेर पडलं. ती हनुक्किया आज जेरुसलेमच्या याद वाशेममध्ये, नाझींनी मारलेल्या ज्यूंच्या स्मारकात, असते आणि दर हनुक्काला घरच्यांकडे लावायला जाते. २००८च्या नोव्हेंबरात मुंबईत नरिमन हाउस या ज्यू केंद्रावर हल्ला झाला, आणि लगेच डिसेंबरात गेटवे ऑफ इंडियासमोर मोठी हनुक्किया लावली गेली. टेबलावर की रस्त्यावर, हा प्रश्न आमच्यासाठी जुना झालेला नाही.

सातवी पायरी: लावणं

सूर्यास्तानंतर, तारे दिसू लागले की घरातल्यांना बोलवा. बायकांवरही ही आज्ञा पुरुषांइतकीच आहे, आमच्या घरी मीच लावते.

दिव्यासमोर उभे राहा. पहिल्या रात्री तुमच्या उजव्या हाताच्या टोकाचा एकच पेला भरा. दुसऱ्या रात्री त्याच्या डावीकडे दुसरा. असे रोज डावीकडे वाढवत जा, पण लावताना सर्वांत नवा, म्हणजे डावीकडचा, आधी लावा आणि उजवीकडे या. भरायचं उजवीकडून, पेटवायचं डावीकडून. मुलांना हे एकदा हात धरून दाखवलं की ती विसरत नाहीत. शम्माई आणि हिल्लेल हे जुने धर्मगुरू. शम्माईचे शिष्य म्हणायचे पहिल्या रात्री आठ लावा आणि रोज एक कमी करा. हिल्लेलचे शिष्य म्हणाले, पवित्र गोष्टीत वाढत जावं, घटू नये. हिल्लेलचं मत राहिलं.

शम्माश पेटवून हातात घ्या आणि लावण्याआधी आशीर्वाद म्हणा. पहिला:

बारूख अत्ता अदोनाय, एलोहेनू मेलेख हाओलाम, अशेर किद्दशानू बेमित्सवोताव वेत्सिव्वानू लेहद्लिक नेर हनुक्का.

अर्थ: धन्य तू, प्रभू आमच्या देवा, विश्वाच्या राजा, ज्याने आम्हाला आपल्या आज्ञांनी पवित्र केलं आणि हनुक्काचा दिवा लावण्याची आज्ञा दिली. दुसऱ्या आशीर्वादाची सुरुवात ‘हाओलाम’पर्यंत तीच, पुढे ‘शेआसा निस्सिम लाअवोतेनू बायामिम हाहेम बाज्मान हाज्जे’, ज्याने आमच्या पूर्वजांसाठी त्या दिवसांत, याच काळी, चमत्कार केले. तिसरा फक्त पहिल्या रात्री: ‘शेहेखेयानू वेकीयमानू वेहिग्गियानू लाज्मान हाज्जे’, ज्याने आम्हाला जगवलं, सांभाळलं आणि या क्षणापर्यंत आणलं. ‘अदोनाय’ हे नाव प्रत्यक्ष दिवा लावतानाच उच्चारायचं. नुसता सराव करताना त्या जागी ‘हाशेम’ म्हणतात.

दिवे लागले की ‘हानेरोत हल्लालू’ म्हणतात. त्यात स्पष्ट सांगितलं आहे, की हे दिवे पवित्र आहेत, त्यांचा उपयोग करायची आम्हाला मुभा नाही, फक्त पाहायचं. म्हणून त्यांच्या उजेडात वाचायचं नाही, पैसे मोजायचे नाहीत. शम्माश शेजारी असतो तो यासाठीही. चुकून उजेडाचा उपयोग झालाच, तर तो त्याचा. आमच्याकडे यानंतर तिसावं स्तोत्र म्हणतात, युरोपातून आलेल्या घरांत ‘माओज त्सूर’ गातात. मग तळण. इस्रायलमध्ये जॅम भरलेले गोल सुफगानियोत, युरोपकडच्या घरांत बटाट्याचे लाटके. आमच्या घरी बटाटेवडे होतात, तेही तेलातलेच.

२०२६ साठी एक खास सूचना

हनुक्का २५ किस्लेवला सुरू होतो. आमची पंचांगंही चंद्राची आणि अधिक महिन्याची, त्यामुळे मराठी पंचांगावर हा दिवस साधारण वद्य दशमी-एकादशीला येतो, कार्तिक किंवा मार्गशीर्षात. दिवे वाढत जातात आणि चंद्र अमावास्येकडे जातो.

२०२६ मध्ये पहिला दिवा ४ डिसेंबरला संध्याकाळी आहे आणि तो शुक्रवार. आठवा ११ डिसेंबरला, तोही शुक्रवार. शुक्रवारी सगळा क्रम बदलतो. शब्बाथ सुरू झाल्यावर काडी ओढता येत नाही, म्हणून आधी हनुक्काचा दिवा, मग शब्बाथचे दिवे आणि दोन्ही सूर्यास्तापूर्वी. मुंबई-ठाण्यात त्या दिवशी सूर्यास्त सहाच्या सुमाराला, शब्बाथचे दिवे त्याआधी १८ मिनिटं, म्हणजे हनुक्काचा दिवा साधारण साडेपाच-पावणेसहाच्या मध्ये लागला पाहिजे. आणि तो काळोख पडल्यानंतरही अर्धा तास जळायला हवा. म्हणजे तेल किमान दीड तासाचं. अर्ध्या तासाच्या बारीक रंगीत मेणबत्त्या त्या दोन दिवशी पुरत नाहीत. आधी सांगितलेली घड्याळाची चाचणी इथे कामाला येते. शनिवारी शब्बाथ उतरल्यावर आमच्या घरी आधी हबदाला, म्हणजे शब्बाथला निरोप द्यायचा विधी, मग दुसरा दिवा. काही घरांत क्रम उलटा असतो, तुमच्या वडीलधाऱ्यांना विचारा.

पाहुणे म्हणून जाणार असाल तर

वेळेवर जा, कारण दिवा तुमच्यासाठी थांबू शकत नाही. डोक्यावर रुमाल किंवा टोपी ठेवा. ज्योत फुंकून विझवू नका, तिच्यावर अगरबत्ती किंवा दुसरी मेणबत्ती पेटवू नका. शुक्रवारी संध्याकाळी फोटो काढायचा असेल तर आधी विचारा. भेट न्यायची तर ऑलिव्ह तेलाची बाटली न्या. ती त्याच रात्री वापरली जाईल.

सभास्थानं बघायची असतील तर ठाण्याचं शाआर हाशामायिम १८७९चं, पुण्याचं लाल देऊळ म्हणजे ओहेल दावीद १८६७चं, मुंबईत काळा घोड्याचं निळं केनेसेथ एलियाहू १८८४चं. मुंबईतलं सर्वांत जुनं १७९६चं, मांडवीतलं शाआर हाराहामीम. आमचे जुने लोक सभास्थानाला ‘मशीद’ म्हणत आणि मशीद बंदर स्टेशनचं नाव याच ‘जुन्या मशिदी’वरून आलं असं आमच्याकडे सांगतात. जाण्याआधी फोन करा, ओळखपत्र बरोबर ठेवा, शनिवार टाळा. आत गेल्यावर सात दिव्यांचा मेनोरा शोधू नका, बहुधा नसेल. तोरा, म्हणजे पवित्र ग्रंथाची गुंडाळी, ठेवलेल्या कपाटासमोर वर बघा. तिथे एक दिवा कायम तेवत असतो, ‘नेर तामीद’. मंदिरातल्या मेनोराची आठवण तिथे टांगलेली आहे.

नववा दिवस

आठ दिवस संपल्यावर सकाळी पेल्यांच्या तळाशी पाणी आणि वर तेलाचा तवंग उरतो. दिव्यासाठी वाहिलेलं तेल स्वयंपाकात घालू नका. उरलेल्या तेलात वाती बुडवून ते एका धातूच्या भांड्यात, मोकळ्या जागी जाळून टाका. पेले गरम पाण्यात शिकेकाईने धुवा, तेलाचा पापुद्रा राहिला तर पुढच्या वर्षी काच धुरकट दिसते. कोरडे पुसा. आजी एकेक पेला जुन्या सुती लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळून पत्र्याच्या डब्यात ठेवायची. त्या नऊपैकी सात पेले माझ्याकडे आले. उरलेले दोन भायखळ्याच्या बाजारातून घेतले आहेत, उंचीला बोटभर कमी भरतात, म्हणून मी त्यांच्याखाली पुठ्ठ्याची चकती ठेवते.